जतनाचे संगीत आणि संगीताचे जतन

कलेचे जतन करावयाचे म्हणजे नेमके कशाचे जतन करावयाचे, हा प्रश्न वरवर दिसतो तितका सोपा नाही. चित्र भिंतीवर टांगता येते, शिल्पावर छप्पर घालता येते, पोथी रुमालात बांधून ठेवता येते. परंतु जी कला वाजविताना जन्मते आणि मैफल उठली की संपते, ती कोणत्या रुमालात बांधावी? आणि बांधलीच, तर गाठ सोडल्यावर ती आत सापडेल काय? या प्रश्नाचा विचार करण्यासाठी आज आम्ही एक परके उदाहरण घेत आहोत. अमेरिकेतील न्यू ऑर्लीन्स शहरात १९६१ साली सुरू झालेला ‘प्रिझर्वेशन हॉल’ आणि त्याच्या नावाने जगभर हिंडणारा वाद्यवृंद, हे ते उदाहरण होय. नावातच ‘जतन’ धारण करणाऱ्या या वृंदाने आद्य जाझ संगीत सांभाळण्याचे व्रत घेतले. उदाहरण परके असले तरी प्रश्न परका नाही. बेंगळूरसारख्या शहरी बदलीवर येऊन गणेशोत्सवात नाट्यपदांची बैठक भरविणारे आमचे वाचक स्वतःच या उद्योगात गुंतलेले आहेत. तेव्हा दुसऱ्याच्या घरी तो उद्योग कसा चालला, हे पाहणे अप्रस्तुत ठरू नये.

जाझ म्हटले की आपल्यापैकी पुष्कळांच्या मनात नाचघर आणि मद्याचे पेले उभे राहतात. या संगीताचा उगम मात्र रस्त्यावरचा आहे. लष्करी धाटणीच्या पितळी वाद्यांचे बँड न्यू ऑर्लीन्समधील कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांत रुजले. कोणी वारले की बँड प्रेतयात्रेबरोबर संथ प्रार्थनागीते वाजवीत जाई, आणि मूठमाती दिल्यावर तोच बँड द्रुत लयीत आनंदाच्या चाली वाजवीत परते. मागे नाचत येणाऱ्या लोकांच्या घोळक्यास तेथे ‘दुसरी रांग’ म्हणतात. दिंडीमागे चालणारा माणूस जसा हळूहळू दिंडीतला होतो, तसेच हे. वृंदात कॉर्नेट मुख्य चाल धरते, क्लॅरिनेट तिच्या वरून वेलबुट्टी काढीत जाते, ट्रॉम्बोन खालून भारदस्त हुंकार देतो, आणि बॅंजो, ट्यूबा व ढोल लय राखतात. तिघेही आघाडीचे वादक एकाच वेळी आपापले बोलतात, तरी गोंगाट होत नाही. एकमेकांस ऐकत बोलण्याची ही कला आहे. पुढच्या काळातील जाझमध्ये एकेका वादकाच्या स्वतंत्र विस्तारास जे महत्त्व आले, ते या आद्य रूपात नव्हते. भजनात टाळकरी, मृदंगी आणि गायक एकाच अभंगात आपापली भर घालतात. साधारण तीच जात या संगीताची आहे.

आता जतनाची पहिली अडचण पाहावी. ज्यास या संगीताचा आद्य पुरुष मानतात त्या बडी बोल्डन याचा जन्म १८७७ चा. १९०७ साली तो मनोरुग्णालयात गेला आणि १९३१ साली तेथेच वारला. त्याच्या कॉर्नेटचा एकही सूर मुद्रित स्वरूपात आज उपलब्ध नाही. त्याच्या वादनाविषयी जे काही आपणास ठाऊक आहे, ते ऐकणाऱ्यांच्या आठवणींतून आलेले आहे. आपल्याकडे याचे नेमके प्रतिरूप आहे. भास्करबुवा बखले १९२२ साली निवर्तले. त्याच्या वीस वर्षे आधी, १९०२ सालीच, कलकत्त्यात गोहरजानचा आवाज तबकडीवर चढला होता. यंत्र होते, गवई होते, तरी बुवांच्या गाण्याची तबकडी नाही. ज्याने ‘स्वयंवर’ची (१९१६) पदे बांधली आणि मास्तर कृष्णरावांसारखे शिष्य घडविले, तो गवई आपल्याला शिष्यांच्या गळ्यातूनच ऐकावा लागतो. म्हणजे दोन्हीकडे परंपरेचा मूळ दगड अदृश्यच आहे. जे जपले गेले ते मूळ नव्हे, मुळाची आठवण होय.

ज्यांच्या तबकड्या निघाल्या त्यांच्याबाबत तरी यंत्राने खरे सांगितले काय? जाझची पहिली तबकडी १९१७ साली निघाली. ती श्वेतवर्णीय वादकांच्या वृंदाची होती. किंग ऑलिव्हरचा वृंद, ज्यात तरुण लुई आर्मस्ट्राँग दुसरी कॉर्नेट वाजवीत असे, १९२३ साली इंडियाना प्रांतातील रिचमंड येथे मुद्रित झाला. त्या काळी विजेचा मायक्रोफोन नव्हता. कर्ण्यासमोर उभे राहून वाजवावे लागे. मोठ्या ढोलाच्या धक्क्याने मेणावरील सुईची रेघ बिघडे, म्हणून ढोलकऱ्याच्या हाती लाकडी ठोकळे आले. शिवाय सारे काही तीन मिनिटांत आटोपणे भाग होते. पुढे या तबकड्यांवरून परंपरा शिकणाऱ्यांनी ठोकळ्यांचा टकटकाट आणि तीन मिनिटांचा आटोपशीरपणा हाही परंपरेचाच भाग मानला. यंत्राची मर्यादा शैलीचा नियम झाली. आपली नाट्यपदेही याच तीन मिनिटांच्या सापळ्यातून आपणापर्यंत आली आहेत. रंगभूमीवर प्रेक्षकांच्या ‘वन्स मोअर’वर दरवेळी निराळ्या अंगाने रंगणारे पद तबकडीवर एकदाच, एकाच रीतीने गोठले. आणि आज स्पर्धेतला होतकरू गायक ते गोठलेले रूप, त्यातील श्वासाच्या जागेसकट, उतरवितो.

याहून सूक्ष्म गोष्ट अशी की, गोठविण्याचे हे काम केवळ यंत्राने केले नाही. वादकांनीही ते आनंदाने केले. ऑलिव्हरने ‘डिपरमाउथ ब्लूज’ या चिजेत जो एकल तुकडा वाजविला तो इतका गाजला की पुढील पिढ्यांचे कॉर्नेटवादक तोच सुरावर सूर ठेवून वाजवू लागले. ‘हाय सोसायटी’ या चिजेतील क्लॅरिनेटचा तुकडाही असाच ठरून गेला. तो आला नाही तर न्यू ऑर्लीन्सचा क्लॅरिनेटवादक कच्चा समजला जाई. म्हणजे आद्य जाझ पूर्णपणे उत्स्फूर्त होते आणि नंतरच्यांनी त्याचे लोणचे घातले, ही सरळ विभागणी टिकत नाही. परंपरेच्या पोटातच पाठांतर होते. पाठांतर दोषास्पद नाही. त्यावर उभे राहून पुढचे पाऊल पडते की नाही, एवढाच प्रश्न आहे.

जतनाची दुसरी अडचण जतन करणाऱ्यांच्या मनात असते. १९३० च्या दशकाच्या अखेरीस काही संशोधकांनी बंक जॉन्सन नावाचा एक विस्मृत कॉर्नेटवादक शोधून काढला. त्याचे दात पडले होते; वाजविणे थांबले होते. त्याला कवळी बसविली, वाद्य दिले, आणि १९४२ साली त्याच्या तबकड्या निघाल्या. पुनरुज्जीवनाचा हा आरंभ हृदयस्पर्शी आहे. मात्र पुढे एक विनोद झाला. रसिकांना त्याच्याकडून निखळ जुने संगीत हवे होते, तर बंकला स्वतःच्या पसंतीचे वादक घेऊन चालू काळातील लोकप्रिय चालीही वाजवावयाच्या होत्या. १९४७ साली त्याने आपल्या मनासारख्या तबकड्या केल्या, तेव्हा त्यात रॅगटाइमच्या लिखित चिजाही आल्या आणि बाजारात चालणारी गाणीही. ज्याला शुद्धतेचा साक्षीदार म्हणून उभे केले त्यालाच शुद्धतेत रस नव्हता! कलावंत स्वतःला परंपरा समजत नसतो. तो स्वतःला धंदेवाईक वादक समजतो, आणि श्रोत्यास आवडेल ते वाजवितो. त्याला परंपरेच्या आसनावर बसविणारे आपण असतो, आणि बहुधा ते आसन अंमळ अरुंद असते.

या पार्श्वभूमीवर प्रिझर्वेशन हॉलचे कार्य पाहिले म्हणजे त्याचे मोल आणि त्याची मर्यादा दोन्ही ध्यानी येतात. पेनसिल्व्हेनियाहून आलेल्या अ‍ॅलन आणि सॅन्ड्रा जॅफी या तरुण दांपत्याने एका जुन्या चित्रदालनाच्या जागेत हा उपक्रम हाती घेतला. जागा लहान, बसावयास बाके, मद्य नाही, सजावट नाही. तेथे वाजविणारे जॉर्ज लुईस, ‘स्वीट’ एमा बॅरेट, जिम रॉबिन्सन, पर्सी आणि विली हम्फ्री हे बंधू, सारे उतारवयाचे. जॉर्ज लुईसने गोदीत हमाली करून दिवस काढले होते. अशा माणसांना रोज संध्याकाळी वाजविण्याची जागा आणि त्याचा मोबदला मिळू लागला. त्यातच, ज्या दक्षिणी राज्यात काळ्या-गोऱ्यांनी एकत्र बसण्यास कायद्याचा अडसर होता, तेथे या बाकांवर दोन्ही वर्णांचे श्रोते शेजारी बसत. आणि हे १९६४ च्या नागरी हक्क कायद्यापूर्वी. म्हणून आमचे मत असे की, या संस्थेने प्रथम जतन केले ते संगीताचे नव्हे, संगीतकारांचे. तिच्या श्रेयात आम्ही हे सर्वांत वर मांडू.

तथापि भिंतीवरील एका पाटीकडे दुर्लक्ष करून चालणार नाही. फर्माईश करणाऱ्यांसाठी तीवर दर लिहिलेले असत: पारंपरिक चिजेस एक डॉलर, इतर चिजेस दोन, आणि संतांच्या मिरवणुकीचे ते जगप्रसिद्ध गीत हवे असल्यास पाच. दर पुढे वाढले. विनोद तोच राहिला. पण या विनोदात एक कारुण्य आहे. जी चीज सर्वांना ठाऊक, तीच वाजवून वादक सर्वाधिक विटलेला. आणि प्रवासी मात्र तीच ऐकावयास आलेला. जतनाचा शत्रू विस्मरण हा आहे, असे आपण समजतो. दुसरा शत्रू फर्माईश हा आहे, हे ती पाटी सांगते. आपल्या बैठकांतून ठरावीक पाच-सात पदांपलीकडे गाडी जात नाही आणि ‘सौभद्र’, ‘मानापमान’, ‘स्वयंवर’ यांतील उरलेली कितीतरी पदे गाणारा सापडत नाही, त्याचे कारण गायकांचे अज्ञान की आमची फर्माईश?

म्हातारे वादक एकामागून एक गेले. एमा बॅरेट १९८३ साली, विली हम्फ्री १९९४ साली, पर्सी १९९५ साली. अ‍ॅलन जॅफी स्वतः १९८७ साली वारला. ज्यांच्यासाठी हॉल उभा राहिला ते उरले नाहीत. मग हॉल कशासाठी? येथे संस्थेची खरी कसोटी लागली. अ‍ॅलनचा मुलगा बेन याने सूत्रे घेतल्यानंतर २००५ सालच्या कॅटरिना वादळाने शहरच उद्ध्वस्त केले आणि वादकांची घरे वाहून गेली. त्यानंतर २०१३ साली या वृंदाने, आपल्या इतिहासात प्रथमच, संपूर्णपणे स्वतःच्या नव्या रचनांचा संग्रह काढला. २०१५ साली तो क्यूबास जाऊन तेथील तालांशी नाते शोधून आला. निष्ठावंतांस हा व्रतभंग वाटला. आम्हांस तो तसा वाटत नाही. मात्र आमची संमतीही निखालस नाही. नव्या रचनांत मागचा ठेका भक्कम झाला आहे, आणि श्रोता उठून नाचावा अशी त्याची योजना आहे. परंतु कॉर्नेट, क्लॅरिनेट आणि ट्रॉम्बोन यांचे ते तिपेडी संभाषण, जे या शैलीचे हृदय होय, ते त्यामुळे काही ठिकाणी एकमुखी घोषणेत बदलले आहे. चाल नवी असावी, वाद्ये वाढावीत, यास आमची हरकत नाही. एकमेकांस ऐकत बोलणे मात्र सुटू नये. तेवढे सुटले तर शैलीचे नाव राहील आणि शैली जाईल.

त्याच शहरातील दुसरे उदाहरण आम्हांस अधिक बोलके वाटते. बॅंजोवादक डॅनी बार्कर याने १९७० च्या सुमारास फेअरव्ह्यू नावाच्या चर्चच्या आश्रयाने मुलांचा पितळी बँड उभा केला. त्याने शिकविलेल्या आणि त्या वातावरणात वाढलेल्या मुलांतून पुढे जे बँड निघाले, त्यांनी जुन्या मिरवणुकीत नव्या जाझचे आणि रस्त्यावरच्या नृत्यसंगीताचे रक्त भरले. जुन्या मंडळींनी नाके मुरडली; पण प्रेतयात्रा आज बँडविना जात नाही ती याच मुलांमुळे. हॉलने वृद्धांना जागा दिली, बार्करने मुलांना वाद्ये दिली. जतनाचे हे दोन मार्ग. आणि दुसऱ्याविना पहिला वांझ राहतो.

आता घराकडे वळू. जाझच्या आद्य परंपरेचा एक धागा मुंबईपर्यंत येऊन पोहोचला होता, याची जाणीव आपल्यात फारशी नाही. १९३५ साली लिऑन अ‍ॅबी याचा कृष्णवर्णीय वृंद मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात वाजवू लागला. त्यापाठोपाठ आलेला क्रिकेट स्मिथ हा तर १९१३-१४ साली, जाझ हे नाव तबकडीवर येण्यापूर्वीच, न्यूयॉर्कमध्ये मुद्रित झालेला कॉर्नेटवादक. या मंडळींचे वादन ऐकत गोव्याचे वादक तयार झाले. पॅरिश शाळांतून व्हायोलिन व स्वरलिपी शिकून आलेले हे तरुण वाचनात पक्के होतेच. हातचे लिहिलेले सोडून वाजविण्याचे धाडस त्यांना येथे मिळाले. १९३९ पासून सुमारे दोन दशके मिकी कोरिया यांचा वृंद ताजमध्ये होता. हळदोण्याचे आंतोनियो झेवियर वाझ ‘चिक चॉकलेट’ या नावाने ‘भारताचे आर्मस्ट्राँग’ म्हणून गाजले. पुढे १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने हॉटेलांतील बँडचा आसरा आटू लागला, आणि ही मंडळी चित्रपटांच्या वाद्यवृंदांत शिरली. तेथे त्यांची गाठ पडली ती पुणतांब्याच्या रामचंद्र नरहर चितळकरांशी, म्हणजे सी. रामचंद्रांशी. ‘अलबेला’ (१९५१) या चित्रपटात चिक चॉकलेट आपल्या वृंदासह पडद्यावरही दिसतात. एका मराठी संगीतकाराने गोमंतकीय ट्रंपेटवाल्यास हाताशी धरून न्यू ऑर्लीन्सचा ठेका हिंदुस्थानच्या खेड्यापाड्यांत नेला, आणि आपण त्यास ‘उडती चाल’ म्हणून बाजूस सारले.

या वादकांसाठी कोणी हॉल उघडला नाही. १९६७ साली चिक चॉकलेट गेले. श्रेयनामावलीत ज्यांचे नाव आले नाही असे किती जण गेले याची गणती कोठे नाही. नरेश फर्नांडिस यांचे ‘ताजमहाल फॉक्सट्रॉट’ हे पुस्तक २०१२ साली निघाले, आणि ख्रिस पेरी व लोर्ना यांच्या कोंकणी गीतांवरून स्फुरलेला ‘नाचूं-या कुंपासार’ हा चित्रपट २०१४ साली आला. त्यांनी या इतिहासावरील धूळ झटकली. परंतु तोवर वादकांपैकी बहुतेक निघून गेले होते. जतन संगीतकारांच्या हयातीत व्हावे लागते. नंतर होतो तो इतिहास.

बेंगळूरचा अनुभव आणखी निराळा आहे. येथे कोणी आद्य जाझ सांभाळीत बसले नाही. येथे भेट झाली. टी. ए. एस. मणी यांनी १९६४ साली स्थापिलेल्या कर्नाटक कॉलेज ऑफ पर्कशनने आणि आर. ए. रमामणी यांच्या कंठाने अमेरिकन सॅक्सोफोनवादक चार्ली मारियानो यांच्यासह १९८३ साली ‘ज्योती’ हा संग्रह केला. आणि म्हैसूरच्या राजवाड्याच्या बँडमध्ये सॅक्सोफोन ऐकून मोहित झालेल्या कद्री गोपालनाथांनी ते वाद्य त्यागराजांच्या कृतींसाठी वळविले. १९९४ साली लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलपर्यंत नेले. बँडचे वाद्य, परके, पितळी. पण गमकांस शरण आणले. येथे कोणी शुद्धतेची चौकशी केली असती तर हे घडते ना.

आणि आमची नाट्यपदे तरी कोणत्या शुद्ध उगमातून आली? कर्की गावच्या कानडी भागवत मंडळींचा खेळ सांगलीत झाला, त्यावरून विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ रचले. अण्णासाहेब किर्लोस्कर जन्मले गुर्लहोसूरचे; त्यांच्या पदांत कर्नाटकी चाली उघड आहेत. पदामागे वाजणारा ऑर्गन तर विलायतेचा. परमुलखात राहून ज्यास आपण ‘आपले’ म्हणून छातीशी धरतो, त्यात याच परमुलखाचा अंश पहिल्यापासून मिसळलेला आहे. ही गोष्ट आमच्या वाचकांस लाज आणणारी नव्हे, धीर देणारी आहे. बदलीच्या गावी वाढलेली, घरात मराठी आणि अंगणात कानडी बोलणारी मुले ही परंपरेची गळती आहे, असे आपण हळहळून म्हणतो. ज्या मातीतून ती पदे आली त्याच मातीत ही मुले उभी आहेत, असेही म्हणता येईल.

तेव्हा आमचा निष्कर्ष थोडक्यात असा. जतन करावयाचे ते प्रथम कलावंताचे, त्याच्या हयातीत. मग त्या कलेतील वागणुकीचे, म्हणजे एकमेकांस ऐकत बोलण्याचे. आणि सर्वांत शेवटी चिजांचे. आपण बहुधा हा क्रम उलटा लावतो. चिजा पाठ करवितो, वागणूक विसरतो, आणि कलावंताच्या निधनानंतर शोकसभा घेतो. पुढील उत्सवाचा कार्यक्रम आखणाऱ्या मंडळींस आमची एवढीच सूचना आहे: फर्माईशीची चिठ्ठी या वर्षी फिरवू नये. गाणाऱ्यास सहसा ऐकू न येणारे पद निवडू द्यावे, एखाद्या कानडी मुलास किंवा मुलीस त्यात भाग द्यावा, आणि तबकडीवर नसलेली एखादी जागा त्यांनी घेतली तर ती तबकडीशी ताडून पाहू नये. जागा फसेल, कदाचित जमेल. पण ती त्यांची असेल.